महिन्याचे तीन खेळ आणि एक टांगलेला लोड

६ जानेवारी, सोमवार

मनगटाला व्यायाम म्हणून रोज चार ओळी लिहा, असं फिजिओवाल्या बाईंनी सांगितलं. काय लिहू विचारलं तर म्हणाल्या, मनात येईल ते. मनात येईल ते लिहायला लागलो तर वही कपाटात कुलपात ठेवावी लागेल, म्हणून आधी सरळ माहिती लिहितो.

मी टॉवर क्रेनचा ऑपरेटर. एकवीस वर्षं जमिनीपासून पन्नास-साठ मीटर वर, काचेच्या केबिनमध्ये, दोन हातांत दोन दांडे. सप्टेंबरात साइटवर अपघात झाला. सळयांचा जुडगा उतरवताना वाऱ्याने झुलला आणि खाली मास्तरच्या पायावर बसला. मास्तर म्हणजे आमचा इशारेवाला. तो खाली उभा राहून हाताने इशारे करणार आणि त्याप्रमाणे मी वरून क्रेन चालवणार, अशी अकरा वर्षांची जोडी. मी घाईने शिडी उतरलो, शेवटच्या तीन पायऱ्या चुकल्या, उजवं मनगट मोडलं. मास्तरचा डावा पाय दोन जागी मोडलाय. तो त्याच्या घरी, मी माझ्या.

भेटायला जायचं आहे. मनगट जरा सुधारलं की जाईन.

७ जानेवारी, मंगळवार

मेव्हण्याची बदली झाली तेव्हा तो त्याचा गेमिंग कन्सोल आमच्याकडे ठेवून गेला. टीव्हीखाली धूळ खात पडलेला. आज लेकीने तो पुसला आणि कंट्रोलर माझ्या हातात कोंबला. "रबरी चेंडू दाबत बसण्यापेक्षा हे करा. अंगठे हलतील." लेक एकोणीस वर्षांची आहे आणि जीभ तिच्या आईची घेतलीय.

तिने समजावलेलं असं. या कन्सोलची वर्षाची वर्गणी मेव्हण्याने भरून ठेवलीय, मार्चअखेरपर्यंत. वर्गणीदाराला दर महिन्याला तीन खेळ फुकट मिळतात. कोणते, ते आपण ठरवायचं नाही, ते देतील ते. पण त्या महिन्यातच बटण दाबून आपल्या खात्यात घ्यायचे. महिना उलटला की ते तीन गेले, पुढचे तीन आले. मेव्हण्याने वर्षभरात कसलंच बटण दाबलं नव्हतं. नऊ महिन्यांचे सत्तावीस खेळ पाण्यात. मला रात्रीचं जेवण गोड लागलं नाही.

या महिन्याचे तीन: मेंढ्या राखायचा, मोटारी पळवायचा, आणि एक अंधाऱ्या बोगद्यातून पळत सुटायचा. तिन्ही घेतले. फुकट ते पौष्टिक.

१४ जानेवारी, मंगळवार

मेंढ्या संपवल्या. नुसत्या संपवल्या नाहीत, शंभर टक्के. हरवलेलं अठरावं कोकरू गिरणीच्या मागे होतं. ही म्हणाली, "घरातला पाण्याचा नळ तीन आठवडे गळतोय, तो तुम्हाला दिसत नाही, कोकरू बरं दिसलं." नळाला वर्गणी लागत नाही, म्हटलं.

फ्रिजवर वेळापत्रक लावलंय. सकाळी अकरा ते एक, कारण तेव्हा घर शांत असतं. दर महिन्याला तीन खेळ आले की तिन्ही पुरते संपवायचे, हा नियम. मिळालेलं अर्धवट टाकणं मला जमत नाही.

आणखी एक शहाणपण केलं. सेटिंगमध्ये बघितलं तर मार्चअखेर वर्गणी आपोआप पुन्हा कापली जाणार होती. ते बंद करून टाकलं. तीन महिन्यांचे नऊ खेळ एकदा घेऊन झाले की आपले झाले. आपल्याच वस्तूचं भाडं कोण भरतो? लेकीला सांगितलं नाही, उगाच वाद घालते.

२३ जानेवारी, गुरुवार

लेकीचा स्वतःचा जुना कन्सोल होता, तो माळ्यावर शोधला. त्याचा कंट्रोलर जास्त घट्ट होता, मनगटाला बरा. सापडला नाही. हिला विचारलं तर म्हणाली, "दिला कुणाला तरी. अडगळ होती." एवढी चांगली वस्तू देऊन टाकायची आणि मला विचारायचंही नाही. मी घरी बसल्यापासून या घरात माझं मत विचारायची पद्धतच बंद झालीय.

आज गुरुवार, म्हणून ही तिच्या ताईकडे गेली. दर गुरुवारी चारला डबा घेऊन जाते, सहाला रिकामा डबा घेऊन येते. मागे ताईकडे इतकं जाणं नव्हतं.

४ फेब्रुवारी, मंगळवार

नवे तीन आले. एक कोडी सोडवायचा, एक मासेमारीचा. तिसऱ्याचं नाव 'दोरवाट'. डोंगरातल्या दोन कड्यांमध्ये दोर बांधलेले असतात आणि त्यावरून सामान इकडून तिकडे न्यायचं. दोघांचा खेळ आहे. एक जण वर कड्यावरच्या खोलीत बसून चाक फिरवतो. दुसरा खाली दरीत सामान बांधतो आणि रस्ता दाखवतो.

म्हटलं, हा नको. लेक म्हणाली, "तुम्हीच ना, मिळालेलं सोडायचं नाही म्हणणारे?" म्हटलं, दोघांचा आहे आणि दुसरा कोण आणू. "घेऊन ठेवायला काय जातं," म्हणत तिने माझ्या हातातून कंट्रोलर घेतला आणि बटण दाबून टाकलं. दुसरा मी शोधते, म्हणाली.

६ फेब्रुवारी, गुरुवार

दोरवाट उघडला. नुसती सुरुवात होती. खोलीच्या खिडकीतून खाली दरी दिसते. माणूस मुंगीएवढा. मी कंट्रोलर खाली ठेवला आणि पंख्याखाली जाऊन बसलो. तळहात ओले झाले होते, पंजे पुसायला नॅपकिन लागला.

हिने लवकर का आटपलं विचारलं. मनगट दुखतंय म्हटलं. मनगट दुखत नव्हतं.

एकवीस वर्षं वर काढलेला माणूस टीव्हीतल्या उंचीला घाबरला, हे कुणाला सांगायची सोय नाही. वहीला सांगतो.

१२ फेब्रुवारी, बुधवार

जोडीदार मिळाला. पडद्यावर त्याचं नाव 'पाहुणा ३१'. लेकीने कुठून तरी जोडून दिला. खेळात बोलायची सोय आहे, पण पाहुणा बोलत नाही. त्याचा बाहुला टाळी वाजवतो, हात वर करतो, डोक्यावर टपली मारतो आणि खाली बसतो. एवढ्या चार गोष्टींवर सगळं चालवायचं.

पहिल्या तीन खेपा दरीत गेल्या. दोष त्याचा. सामान टेकायला एवढंसं अंतर राहिलेलं असताना हा आपला खाली बसतो. मला वाटलं दमला. मी पुढे नेलं, ते खडकावर आपटून फुटलं. चौथ्या वेळी कळलं, खाली बसणं म्हणजे थांब. माझ्या खिडकीतून तो खडक दिसतच नाही. त्याला दिसतो.

नाचता येईना अंगण वाकडं, असं लेक म्हणालीच. ती बघत उभी होती ते मला माहीत नव्हतं.

२० फेब्रुवारी, गुरुवार

पाहुणा कामाचा माणूस आहे. घाई नाही, उगाच उड्या नाहीत. सामान बांधलं की दोन्ही बाजूंनी फिरून बघतो. आणि प्रत्येक उचलीच्या आधी डोक्यावर दोनदा टपली मारतो. मग हात वर. त्याशिवाय उचलू देत नाही. बंदरावरचा वगैरे कुणी असावा.

मास्तर असंच करायचा. हेल्मेटवर दोनदा टकटक, म्हणजे 'माझ्याकडे बघ'. नवीन पोरं हसायची. त्यांना तो उन्हात उभं करून दोन नियम पाठ करायला लावायचा. पहिला: थांब कुणीही म्हणालं, अगदी चहावाल्याने हात केला, तरी थांबायचं. दुसरा: लोड, म्हणजे माल, आकड्याला टांगलेला असताना ऑपरेटरने केबिन सोडायची नाही, आग लागली तरी. म्हणून तर नाव पडलं मास्तर.

असे चाळे कितीतरी जणांना असतात म्हणा.

संध्याकाळी पाहुणा नव्हता. चार ते सहा. गेल्या गुरुवारीही नव्हता. त्याचंही गुरुवारी काही असतं वाटतं. हीसुद्धा ताईकडे गेलेली, घर अगदी खायला उठलं.

३ मार्च, सोमवार

कंपनीचं पत्र आलं. चार एप्रिल, सकाळी नऊ, फेरचाचणी. शिडीने वर चढणे, तीन उचली, त्यानंतर अपघाताबाबत तोंडी प्रश्न. हजर न राहिल्यास लायसन्स रद्द आणि नोकरीचा निर्णय कंपनीकडे. पत्र दोनदा वाचलं. ते मग साखरेच्या डब्याखाली ठेवलं, हिने काढून फ्रिजवर लावलं, वेळापत्रकाच्या शेजारी.

मला दुसरं काही येत नाही. पन्नासाव्या वर्षी कुणी कुठे घेणार? आणि जायचं म्हटलं तर त्या शिडीचा विचारही नको वाटतो. मनगट आता ठणठणीत आहे. फिजिओवाल्या बाईंनी तसं लिहून दिलंय. म्हणजे आता मनगटाचं नावही घेता येणार नाही.

उद्या नवे तीन घ्यायचेत, अशी लेकीने आठवण करून दिली. या घरात वेळेवर काही होत असेल तर तेवढंच.

१३ मार्च, गुरुवार

आज पाहुण्यावर चिडलो. पुलाची तुळई न्यायची होती, सगळ्यात लांब, सगळ्यात जड. टेकायला एक मीटर राहिला आणि तो बसला. खाली सपाट जमीन, काही नाही. मी म्हटलं, आणखी एक मीटर, झालं. तुळई सोडली. ती एका बाजूने सरकली आणि पाहुण्याच्या बाहुल्यावर पडली. बांधलेली गाठ ढिली झाली होती. ती खालूनच दिसणार.

पडद्यावर बाहुला पडलेला. मी कंट्रोलर टेबलावर ठेवला, घेतला, परत ठेवला.

मनगटासाठी वही आहे आणि मनगट बरं झालंय, तेव्हा आता खरं लिहायला हरकत नाही. सप्टेंबरात वारा होता, पण वाऱ्याने काही झालं नाही. मास्तरने थांब दिला होता. हात आडवा, पालथा, स्पष्ट. मी बघितला. खाली सपाट जमीन होती, जेवणाची वेळ होत आलेली, मी म्हटलं आणखी एक मीटर. एका बाजूची गाठ सरकली होती. ती त्याला दिसत होती, मला नाही. चौकशीत मी वारा सांगितला. मास्तरला विचारलं तेव्हा तो म्हणे म्हणाला, नीट आठवत नाही.

त्याला आठवत नाही? अकरा वर्षांपूर्वीची पहिली उचल कुठल्या वारी झाली, तेही सांगतो तो.

पाहुण्याने खेप पुन्हा सुरू केली. डोक्यावर दोन टपल्या, हात वर, जणू काही झालंच नाही. मला वाटलं, रागावून निघून गेला असता तर बरं झालं असतं.

१९ मार्च, बुधवार

आज सहाच्या सहा खेपा न फुटता. तो बसला की थांबतो. का, ते विचारत नाही. एकदा तर त्याने मला दोन मिनिटं नुसतं थांबवून ठेवलं आणि खाली काहीच झालं नाही. परीक्षा घेत होता लेकाचा. मी थांबलो.

तळहात ओले होत नाहीत आता, खालचा माणूस दिसत असेल तर.

त्या जोरावर दुपारी मास्तरच्या गल्लीपर्यंत गेलो. कोपऱ्यावरच्या औषधाच्या दुकानाबाहेर उभा राहिलो. त्याच्या खिडकीत पडदा होता. सहा महिन्यांनी जाऊन काय बोलायचं, 'कसा आहेस'? सहा महिन्यांत कसा होता हे न विचारणाऱ्याने? मनगटाचं क्रेप बँडेज घेतलं, जे मला नको आहे, आणि परत आलो.

३१ मार्च, सोमवार

शेवटची खेप सुरू केली. दरीपलीकडच्या गावाला मोठी घंटा पोचवायची, की दोरवाट शंभर टक्के. अर्ध्यावर घंटा आली आणि पाहुणा बसला. मी थांबवली. तो उठेना. पाच मिनिटं झाली, मग त्याचा बाहुला नाहीसा झाला. काही काम निघालं असेल. खेळ आपोआप जपून राहतो, उद्या अकराला पुन्हा तिथूनच.

घंटा दोरावर तशीच लटकत राहिली. मला बरं वाटलं नाही. टीव्ही बंद करणं जिवावर आलं. पण जेवण ताटात वाढून तयार होतं, हिने तीन हाका मारल्या, गेलो.

चाचणी शुक्रवारी. लेक विचारत होती, घंटा पोचल्यावर चढाल ना? म्हटलं, आधी पोचू दे.

१ एप्रिल, मंगळवार

अकराला टीव्ही लावला. दोरवाटवर कुलूप. मेंढ्यांवर कुलूप. नऊच्या नऊ खेळांवर छोटं पिवळं कुलूप. आज एक एप्रिल, म्हणजे लेकीचा चावटपणा. कॉलेजात फोन लावून तिला म्हटलं, पुरे झालं, मला काम आहे, कुलपं काढ.

ती म्हणाली, "कसली कुलपं?"

मी सांगितलं.  "बाबा, तुम्ही रिन्यूअल बंद केलं होतंत?"

म्हटलं हो, जानेवारीतच. खेळ घेऊन ठेवलेत, ते आपलेच आहेत ना? ती म्हणाली, आपले नसतात. वर्गणी चालू तोवर आपले. वर्गणी थांबली की कुलूप, भरली की परत उघडतं. हे आधी कोण सांगणार होतं, म्हणून मी तिच्यावरच ओरडलो. आणि ती माझ्यावर ओरडली. ती कधी ओरडत नाही, टोचून बोलते.

"अहो, मग काकांचंही बंद झालं असेल! ते अकराला बसतात लावून. दिवसभरात तेवढंच तर आहे त्यांना."

कोण काका, असं मी विचारलंच नाही. तिथेच सोफ्याच्या हातावर टेकलो.

तिने मग सगळं ओकलं. जुना कन्सोल मास्तरच्या घरी आहे. एका वर्गणीवर दोन कन्सोल चालवता येतात, एक इथे आणि एक 'घरचा' म्हणून नोंदवलेला. तिने त्याचा नोंदवला. तिला तर वाटलं होतं मी खूश होईन, वर्गणी पुरेपूर वसूल झाली म्हणून. ही दर गुरुवारी ताईकडे जात नाही, मास्तरकडे जाते. डबा त्याचाच. "तुम्ही कधीतरी ओळखाल असं आईला वाटत होतं. मला वाटत होतं तुम्ही ओळखलंय आणि बोलत नाही."

दोन्हीतलं काय खरं, ते मला आत्ताही सांगता येत नाही.

काकांना माहीत आहे का पलीकडे मी आहे, विचारलं. "पहिल्या दिवसापासून. खडकावर सामान आपटलंत ना, तेव्हा मला मेसेज आला होता, 'बापाला सांग, घाई अजून गेली नाही.' मी तुम्हाला सांगितला नाही."

दोन मिनिटांत भरता येते वर्गणी, ती म्हणाली, मोबाइलवरून. मी फोन ठेवला. टीव्हीवर घंटेचं चित्र होतं, वर कुलूप.

लोड टांगलेला, आणि वरचा माणूस पुन्हा केबिन सोडून गेलेला.

'पुन्हा' का लिहिलं, ते आता लिहितोच. सळया मास्तरच्या पायावर बसल्या तेव्हा त्या क्रेनच्या आकड्यालाच अडकवलेल्या होत्या. मी जागेवर असतो आणि दांडा नुसता मागे घेतला असता, तर जुडगा हातभर उचलला गेला असता आणि पाय सुटला असता. अर्ध्या मिनिटाचं काम. मी दार उघडून पळालो. मदतीला पळालो असं सगळे म्हणतात, मीही म्हणतो. मला त्याच्याकडे बघवलं नाही, म्हणून पळालो. शिडीखाली मनगट मोडून पडलो, म्हणजे परत चढणंही संपलं. खालच्यांनी जॅक आणून सळया उचलल्या. बावीस मिनिटं लागली. डॉक्टर म्हणाले, पाय वजनाने कमी बिघडला, वेळेने जास्त.

वर्गणी भरली नाही. आधी जाऊन यायचं आहे.

२ एप्रिल, बुधवार

गेलो होतो. काल नाही जमलं. काल औषधाच्या दुकानापर्यंतच. आज गेलो.

दार उघडंच होतं. मास्तर खुर्चीत, डावा पाय स्टुलावर, पायाला बाहेरून लोखंडी कड्या. केस पांढरे झालेत. समोर टीव्हीवर तेच पिवळं कुलूप. मला बघून त्याने टीव्हीकडे बोट केलं आणि म्हणाला, "घंटा टांगलीय माझी."

मी म्हटलं, माझ्याकडून बंद झालं. मुद्दाम नाही, माहीत नव्हतं.

"तुला काय माहीत असतं?" तो म्हणाला. "बस."

मी बसलो नाही. बसलो असतो तर गोष्ट निघाली नसती. उभ्यानेच सांगितलं. थांब दिसला होता. वारा नव्हता. आणि केबिन.  तो ऐकत होता. माझं संपल्यावर पायावरची चादर सारखी केली.

"थांबाचं मी विसरलो असतो," तो म्हणाला. "अकरा वर्षांत एकदा तर तू माझं ऐकणार नाहीसच, हे मी धरून चाललो होतो. पण मी पडल्या पडल्या वर बघत होतो. म्हटलं, आता उचलेल, आता उचलेल. केबिनचं दार उघडं होतं. आत कुणी नाही."

मी रडलो. तो नाही रडला.

मग म्हणाला, "सहा महिने ही बाई डबा घेऊन येते, पोरगी येते, आणि हा येत नाही. मला वाटायचं, यापुढे पायाचं कमी दुखतंय."

चौकशीत का नाही सांगितलंस, विचारलं. म्हणाला, "ते सांगायचं काम तुझं होतं. मी इशारेवाला. तुझ्यासाठी दांडे मी कसे ओढणार?"

निघताना दारात विचारलं, वर्गणी भरू का आजच? तो म्हणाला, "शुक्रवारी चढून ये आधी. घंटा कुठे जात नाही."

४ एप्रिल, शुक्रवार

चढलो. दोनशे तीस पायऱ्या, सात ठिकाणी थांबून. केबिनमध्ये बसल्यावर खाली बघितलं. इशाऱ्याला एक नवी मुलगी उभी होती, मुंगीएवढी. तिने हात वर केला. मी तिच्याकडेच बघत राहिलो, दुसरं काही बघितलं नाही. तिसऱ्या उचलीत टेकायला मीटरभर असताना तिने थांब दिला. खाली काही नव्हतं. मी थांबलो. तळहात ओले होते, पण दांडा हलला नाही. परीक्षकाच्या सांगण्यावरून दिला होता, असं नंतर कळलं.

मग तोंडी. टेबलापलीकडे परीक्षक, चष्मा कपाळावर, चांगला माणूस. म्हणाला, "उचली उत्तम. आता हे अपघाताचं. वाऱ्यामुळे ना?" पेन खूण करायला टेकवलेलंच होतं.

एक शब्द बोललो असतो तर काम झालं होतं. नाही म्हटलं. सगळं सांगितलं, केबिनसकट. त्याने चष्मा डोळ्यांवर घेतला आणि बराच वेळ लिहीत बसला. मग म्हणाला, "हे सांगितलं नसतं तर आज तुम्ही पास होता."

म्हटलं, माहीत आहे.

निकाल तिथेच मिळाला. सहा महिने वर जायचं नाही. पगार खालच्या हुद्द्याचा. सहा महिने जमिनीवर इशारेवाला म्हणून काम, मग पुन्हा चाचणी. चौकशी नव्याने उघडेल, तीत काय होईल ते होईल. ही म्हणाली, हातातलं घालवून आलात. मग स्वयंपाकघरात गेली आणि माझ्या ताटात दोनदा वाढलं.

६ एप्रिल, रविवार

सकाळी वर्गणी भरली. कुलपं निघाली. या महिन्याचे तीन आलेत, ते घेऊन ठेवले. एकाचंही नाव वाचलं नाही.

लेकीला घेऊन मास्तरकडे गेलो. दुसरा कंट्रोलर बरोबर नेला. त्याला निकाल सांगितला. तो एवढा हसला की पायाच्या कड्या वाजल्या. "तू खाली? इशारे येतात का तुला?" एकवीस वर्षं बघितलेत, म्हटलं. "बघितलेत," तो म्हणाला, "ऐकले किती ते माहीत आहे."

मग म्हणाला, बदलू. वरच्या खोलीत तो बसला, मी खाली दरीत. घंटा तिथेच लटकत होती, सोमवारी जिथे सोडली तिथे. खालून ती भलतीच मोठी दिसते. आणि वरची खोली भलतीच लांब. खिडकीत कुणी आहे की नाही, ते कळतसुद्धा नाही. हे मला कधी माहीतच नव्हतं.

मी डोक्यावर दोन टपल्या मारल्या. हात वर केला. घंटा हळूहळू खाली यायला लागली. थेट माझ्या बाहुल्यावर. टेकायला मीटरभर असेल, तेव्हा मी खाली बसलो. गाठ सरकलीय असं मला वाटलं. सरकली नव्हती बहुतेक.

घंटा जागच्या जागी थांबली.

मास्तरच्या बायकोने चहा आणला. त्याने एका हाताने कप घेतला, दुसऱ्या हाताचा अंगठा दांड्यावर तसाच. सावकाश, फुंकर मारून, अख्खा कप प्यायला. घंटा माझ्या डोक्यावर, मी खाली बसलेला. माझा चहा निवून गेला. लेक म्हणाली, "काका, अहो सोडा आता त्यांना."

"असू दे," तो म्हणाला, पडद्यावरची नजर न काढता. "मी इथेच आहे."